ओली गाठ

कच्छातल्या मांडवीत, रंगाऱ्यांच्या गल्लीत जेनबाईच्या गाठीला नाव होतं. बांधणीला गाठ म्हणायची पद्धत आहे. खरं तर ती गाठ नसतेच. करंगळीच्या वाढवलेल्या नखानं कापडाचा चिमटा उचलायचा, त्याला दोऱ्याचे वेढे आवळायचे आणि दोरा न तोडता पुढच्या दाण्याकडे जायचं. कापड रंगून वाळलं की दोघांनी दोन टोकं धरून ओढायचं. वेढे कडकड उडतात आणि रंग न लागलेले ठिपके, म्हणजे दाणे, उमटलेले दिसतात. त्याआधी वेढा ढिला पडला तर तिथं रंग शिरतो आणि कापड वाया जातं. जेनबाईचं कापड कधी वाया गेलं नव्हतं.

वाया गेली ती पोटातली पोरं. तीन वेळा, पाचव्यासहाव्या महिन्यात, कळ नाही की काही नाही, आपोआप. शेजारची मरियमबाई म्हणायची, "बोटात एवढी घट्ट आणि पोटात अशी ढिली. अल्लाची वाटणी." ती हे जेनबाईच्या तोंडावर म्हणायची, हा तिचा चांगुलपणा. जेनबाईचा नवरा ओसमाण रंगारी होता. दर वेळी तो कबरस्तानात एकटा जाऊन यायचा आणि पुन्हा कढईपाशी बसायचा. कोपरापर्यंत हात रंगात, त्यामुळे डोळे पुसायचीही सोय नव्हती.

चौथ्या वेळी तो तिला भुजला घेऊन गेला. डॉक्टर पन्नाबेन म्हणाल्या, "पिशवी चांगली आहे गं. तिचं तोंड कच्चं आहे. वजन वाढलं की उघडतं. आपण त्याला टाका घालू, बटव्याची नाडी ओढतात ना, तसा. नववा लागला की कापून टाकू."

"कापायचा कशाला? ओढला की सुटेल असा नाही घालता येत?"

"तुझ्याइतकी हुशार असते तर इथं बसले असते का?" पन्नाबेन हसल्या, मग हसायच्या थांबल्या. "मधेच कळ आली, रक्त दिसलं, पाणी गेलं, तर घरी बसायचं नाही. त्याच पावली निघायचं. ऐकलंस?"

"ऐकलं."

तिनं ऐकलं होतं. त्याबद्दल पुढे कुणी शंका घेऊ नये.

टाका घालून ती घरी आली तेव्हा सासूला, हवाबाईला, पहिली चौकशी दोऱ्याची करायची होती.

"कसला होता?"

"पांढरा. सिस्टरनं दाखवला. फितीसारखा."

"वेढे किती?"

"एक."

"एक?" हवाबाईचा चेहरा पडला. "एका वेढ्यावर काय टिकतं, पोरी?"

पण टिकलं. सहावा महिना सरला. जेनबाई कुशीवर पडून राहायची आणि पडल्या पडल्या एक चिमुकलं कापड बांधायची, बाळाला गुंडाळण्यापुरतं. ओसमाणनं विचारलं, "लाल करू की पिवळं?" आणि तिनं उत्तर द्यायच्या आत लाल करूनही टाकलं. ते वाळून वेढ्यांसकट पेटीत जाऊन पडलं. गल्लीतलं हे पहिलं कापड, ज्याचं गिऱ्हाईक अजून यायचं होतं. गिऱ्हाईक आतून लाथा मारत होतं.

सातव्यात एका सकाळी तिचा घागरा ओला झाला. फार नाही.

"लघवी असेल," हवाबाई म्हणाली.

"वास नाही त्याला."

"कळ आहे?"

"नाही."

"रक्त?"

"नाही, मा."

हवाबाई विचार करत राहिली. मग तिचा चेहरा उजळला. "अगं, मग गाठ ओली झाली. चांगलंच झालं की."

जेनबाईला पटलं. न पटायला काय झालं? पाण्यात दोरा फुगतो, वेढा आणखी आवळतो. ओलं कापड कितीही ओढा, नख तुटेल पण दाणा उघडायचा नाही. गाठ सुटते ती वाळल्यावर. हे गल्लीतल्या शेंबड्या पोरीलाही ठाऊक होतं.

ओसमाण दारात उभा होता. "डॉक्टरीणबाई पाणी म्हणाल्या होत्या. रिक्षा आणू?"

"पाणी *गेलं* तर, म्हणाल्या होत्या," जेनबाई म्हणाली. "घागर फुटल्यासारखं. हे नुसतं पाझरतंय. आणि रिक्षाच्या धक्क्यांनी सुटली म्हणजे?"

एक गोष्ट तिनं सांगितली नाही. भुजला कात्री होती. तिच्या आयुष्यात पहिल्यांदा काहीतरी आत टिकलं होतं आणि ते कापायला ती स्वतःच्या पायांनी जाणार नव्हती.

ती पडून राहिली. पाझर थांबला नाही, तशी तिची खात्री वाढत गेली. मग थंडी वाजून ताप भरला. हवाबाईनं गोधड्या घातल्या. गोधड्यांखाली जेनबाई पोटावर हात ठेवून लाथेची वाट बघत राहिली. लाथ आली नाही तेव्हा तिनंच सांगितलं, "रिक्षा आणा."

मुलगी होती. नखांसकट पुरी झालेली, मेलेली. विष इतकं पसरलं होतं की जेनबाईला वाचवायला पिशवीही काढावी लागली.

ती शुद्धीवर आल्यावर पन्नाबेन तिच्या खाटेशी बसल्या. "पाणमोट फाटली होती. दार आपणच बंद केलेलं, सगळी घाण आत साठत गेली. आली असतीस तर मी टाका कापला असता गं. काचेच्या पेटीत ठेवलं असतं तिला. वाचलीही असती कदाचित."

"कापाल म्हणूनच नाही आले."

जाता जाता त्यांनी ओसमाणला सांगितलं, "टाका शेवटपर्यंत हलला नव्हता." त्यांना काय म्हणायचं होतं ते त्यांना ठाऊक. ओसमाणनं ते जसंच्या तसं घरी सांगितलं आणि हवाबाई कितीतरी वेळ "एकच वेढा" म्हणत बसली.

जेनबाई अजून बांधते. व्यापारी अजून तिचंच काम मागतात.

मुलीचा चाळिसावा दिवस झाल्यावर हवाबाईनं पेटीतून ते लाल कापड काढलं. "खोलून तरी टाका. असं ठेवू नये घरात." ओसमाणनं एक टोक धरलं. दुसरं टोक जेनबाईच्या मांडीवर पडून होतं. कापड वाळून खडखडीत झालं होतं, एका हिसक्यात सुटलं असतं.

तिनं ते उचललं नाही. मग त्यानं आपलं टोकही तिच्या मांडीवर ठेवलं आणि तो कढईकडे गेला.