गंजलेली टाचणी

हे मी बायकोला सांगितलेलं नाही. युनियनच्या मित्रांना तर नाहीच. आज तुम्हाला सांगतोय, कारण... कारण नीट सांगता येत नाही. पण गेल्या आठवड्यात शहागंजात गफूरभाईंच्या खिशातल्या चिठ्ठ्या पाहिल्या.

आधी मला थोडं चिडू द्या. चिडणं सोपं आहे.

मी विद्यापीठात आस्थापना विभागात कारकून. कर्मचाऱ्यांची सेवापुस्तकं माझ्या कपाटात. वर्षानुवर्षं एकाच पदावर घासलेल्या माणसांना सरकारनंच आदेश काढून वरची वेतनश्रेणी दिली. ती आठ-नऊ वर्षं मिळत राहिली. लोकांनी त्यावर खोल्या चढवल्या, पोरं शिकवली. आणि मग एक दिवस पत्र आलं – त्या आदेशाला वित्त विभागाची संमतीच नव्हती, सबब लाभ रद्द, दिलेलं वसूल करा! संमती कुणी घ्यायची होती? प्रयोगशाळेत काचेची भांडी धुणाऱ्या गफूरभाईंनी? ज्यानं तो आदेश सही करून धाडला, त्याच्या पगारातून कधी छदाम तरी कापला गेला?

आम्ही खंडपीठात गेलो. अर्जदारांत गफूरभाईंचं नाव होतं, माझंही होतं. वकिलांनी पहिल्याच दिवशी सांगितलं की छोट्या कर्मचाऱ्यांकडून वसुली टिकणार नाही. फक्त 'जास्त पैसे गेले असतील तर परत करीन' असं हमीपत्र वरची श्रेणी घेताना कुणी दिलेलं नसावं. गफूरभाई ठामपणे म्हणाले, "मैंने कुछ लिखके नै दिया." बाकीचे माझ्याकडं बघून हसले. "आपला माणूसच कपाटापाशी बसलाय, कशाला भ्यायचं?"

हमीपत्रं खरंच नव्हती. घ्यायची असतात, पण तेव्हा आमच्याच विभागानं घेतली नव्हती.

मग साहेबांनी बोलावलं. "पुस्तकांत सगळ्यांची हमीपत्रं असतीलच," ते म्हणाले. "नीट बघा. नसतील तर उत्तर तुम्हाला द्यावं लागेल. उपकेंद्रात एक जागा रिकामीच आहे." खोटी बनवा, असं अवाक्षर नाही. चहासुद्धा पाजला. असं बोलायला ह्यांना शिकवतात तरी कुठं? कागदावर त्यांचं आजही काही सापडणार नाही.

पण हात माझे होते – तिथंच येतोय.

जुन्या छापील हमीपत्रांचा एक गठ्ठा कपाटात पडून होता, कडा पिवळ्या पडलेला. मी शिपाई, प्रयोगशाळा परिचर अशी माणसं निवडली. का? ती वाचून सही करत नाहीत म्हणून. गफूरभाई मराठी बोलतात, वाचता येत नाही. सही उर्दूत करतात. त्यांच्या पेन्शनच्या कागदांत मी तो फॉर्म मधेच सरकवला.

"पढके तो बताव साब, मेरी हवेली नै ना लिख ले रै?" असं म्हणून हसले, आणि मी तोंड उघडायच्या आत सही करून मोकळे.

तारखेची जागा कोरी होती. ती मी भरली, नऊ वर्षांमागची. मग एका जुन्या फाइलीतली गंजलेली टाचणी काढून तो कागद त्यांच्या सेवापुस्तकात, वेतननिश्चितीच्या पानाला लावला. नवी टाचणी चमकली असती. भ्यालेल्या माणसाला इतकं सुचतं? असंच आणखी दहा-बारा जणांचं केलं.

वकिलांनी त्या कागदाची प्रत गफूरभाईंपुढं धरली, तेव्हा मी शेजारीच उभा होतो. त्यांनी चष्मा पुसला. बराच वेळ पाहिलं. "हौ. दस्तखत मेराच है."

निकालात वसुली थांबली. हमीपत्र दिलेल्यांची सोडून.

गफूरभाईंना घड्याळांचा लई नाद. निवृत्तीनंतर दुरुस्तीचं दुकान टाकायचं म्हणून शहागंजात एक गाळा ठरवून ठेवलेला, बयाणाही दिलेला. ग्रॅच्युइटीतून वसुली कापली आणि गाळा गेला. आता दुसऱ्याच्या दुकानाच्या पायरीवर काचेची पेटी मांडून बसतात.

आणि माझी वसुली?

इथं मी दरवेळी थांबतो. एकटा असलो तरी थांबतो.

माझी थांबली. माझ्या पुस्तकात हमीपत्र नव्हतं. साहेब 'सगळ्यांची' म्हणाले होते. मी माझं लावलं नाही. त्यांना कोर्टात दाखवण्यापुरती हमीपत्रं मिळाली, त्यांनी पुढं बघितलं नाही. इतकी वर्षं मी स्वतःला सांगत आलो की बदलीला भ्यालो. भ्यालो होतो तर माझंही लावलं असतं ना? भीतीत कुणी आपलं पुस्तक तेवढं गठ्ठ्यातून बाजूला काढून ठेवतं का?

निकालाच्या दिवशी खंडपीठाच्या गेटबाहेर गफूरभाई सरळ माझ्याकडं आले. वाटलं, कळलं ह्यांना. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत घेतला. ॲसिडनं भाजलेली ती बोटं.

"माफ करना साब. लिखके दिया सो मेरेकू यादच नै रहा. वकिलाकू गलत बोल दिया मैं. तुम्हारी भी बात खराब किया."

मी म्हणालो, "वयामुळं होतं असं, गफूरभाई."

हो. हेच म्हणालो.

गेल्या आठवड्यात शहागंजातून जाताना त्यांनीच हाक मारली. चहा सांगितला. खिशातून रबर लावलेला चिठ्ठ्यांचा गठ्ठा काढला, सगळ्या उर्दूत. कुणाचं घड्याळ, सकाळची गोळी घेतली का, घराला कुलूप लावलं का. "डोकं भरोशाचं राहिलं नाही ना साब," मराठीतच म्हणाले, "तेव्हापासून सगळं लिहून ठेवतो." आणि मी आल्याचंही एका चिठ्ठीवर लिहून घेतलं.

त्यांचं डोकं शाबूत आहे. ते कधीच काही विसरले नव्हते. हे मला माहीत होतं, आणि मी चहा पिऊन निघालो.