मोटार नसलेली विहीर

निमोण्यातली आमची विहीर आबांची आणि नानांची, म्हणजे माझ्या वडिलांची आणि चुलत्यांची, सामाईक होती. मोटारही एकच, दोघांनी मिळून घेतलेली. पाण्याच्या पाळ्या आजोबा लावून गेले होते. त्या पाण्यावर नानांचा झेंडू होता आणि आबांची लिंबोणीची बाग. बाग आबांनी स्वतः खड्डे घेऊन लावलेली. मला शिकवलं त्याहून जास्त लक्ष देऊन वाढवलेली. हे मी तक्रार म्हणून सांगत नाही. बागेचा निकाल माझ्यापेक्षा चांगला लागला होता.

पुढे वाटणीवरून बिनसलं. विहीर माझ्याच हिश्शात आहे, नानाला पाणी घ्यायला मनाई करा, असा दावा आबांनी शिरूरच्या कोर्टात लावला. कोर्टानं जागेची पाहणी करायला एक वकील कमिशनर म्हणून नेमला. तेव्हा आबांना युक्ती सुचली. पाहणीच्या आदल्या दिवशी त्यांनी दोन गडी लावून मोटार वर काढली आणि गोणपाटात गुंडाळून आमच्या पडवीत खाटेखाली सरकवली. मी दौंडहून सुट्टीला आलो होतो. कशासाठी, म्हणून विचारलं.

"मोटारच न्हाई म्हणल्यावर त्यो पाणी घेतो हे दिसंल कुठनं?" आबा म्हणाले.

कमिशनर भर उन्हात काळा कोट घालून ढेकळांतून चालत आले. मागून एक जण त्यांच्या डोक्यावर छत्री धरून. त्यांनी विहिरीत वाकून पाहिलं आणि पंचनाम्यात लिहिलं, विहिरीवर मोटार आढळली नाही. आबांनी समाधानानं सही केली. नानांनीही केली, जरा जास्तच समाधानानं.

महिनाभरानं हुकूम झाला : दाव्याचा निकाल लागेपर्यंत दोघांनीही मिळकत जैसे थे ठेवावी. आमच्याकडे पेढे वाटले. नानांकडे फटाके वाजले. दोन्ही बाजू जिंकल्याचं गावात पहिल्यांदाच घडत होतं, त्यामुळे गुलाल कुणाच्या दारात उधळायचा याचा पोरांना थोडा घोळ झाला.

दुसऱ्या दिवशी आबा मोटार बसवायला गेले, तर नाना बांधावर उभे.

"आबा, कमिशनला काय आढळलं? मोटार न्हाई. मग आता कुठनं उगवली? जैसे थे हाय नव्हं?"

"आरं, तुझ्या झेंडूलाबी पाणी लागंलच की!"

"जळू दे झेंडू."

आबांच्या वकिलांनी सांगितलं, बसवलीत तर हुकमाचा भंग होईल, अर्ज करू. अर्ज केला. त्यावर समोरच्यांचं म्हणणं यायचं होतं. म्हणणं आलं, तेव्हा न्यायाधीश साहेबांची बदली झाली. टँकर आणावा, तर वाट नानांच्या बांधावरून. आबा पोहऱ्यानं पाणी शेंदून विहिरीलगतच्या झाडांना घालू लागले. नानांच्या थोरल्यानं मोबाइलवर फोटो काढला, आणि वकिलांनी पोहराही बंद करायला लावला.

झेंडू आधी गेला. मग एका संध्याकाळी नाना आमच्या ओट्यावर येऊन बसले. आईनं चहा ठेवला.

"आबा, दोघं सही करून कोर्टात देऊ. मोटार बसवा. भांडान चालू द्या की, त्याला कोण न्हाई म्हणतंय?"

इतकं शहाणं वाक्य त्या दाव्यात कुणीच बोललं नव्हतं. आबांनी आत जाऊन वकिलांना फोन लावला. बाहेर आले ते मान हलवतच.

"सही केली म्हंजी विहिरीत तुझा वाटा हाय असं मी लिहून दिल्यागत व्हतंय."

नानांनी चहा संपवला, कप पालथा घातला आणि गेले. बाग वाचेल, मी आबांना म्हणालो. "तुला बुकातलं कळतं," ते म्हणाले, "सही म्हंजी काय, ते मला कळतं." त्यांच्या डोक्यावर वीज पडली असती तरी त्यांनी आधी वकिलांना फोन केला असता.

त्या उन्हाळ्यात लिंबं गोट्यांएवढी राहून गळली. मग पानं. पावसाळ्यात एकाही झाडाला फुटवा आला नाही. आबा तरीही रोज संध्याकाळी बागेत जात, फांदीचं टोक मोडून बघत, आणि ते कट्कन मोडलं की तुकडा खिशात घालून घरी येत. सदरे धुताना ते तुकडे आईला सापडत. ती ते चुलीत टाकी.

यंदा मी त्यांच्याबरोबर तारखेला गेलो. कोर्टाबाहेरच्या बाकावर दोघे भाऊ शेजारी बसले होते. चहा नानांनी सांगितला. आबांनी वकिलांना विचारलं होतं, वाळलेली झाडं तरी तोडू का. नुसती बघवत नाहीत. वकील म्हणाले होते, अर्ज करू.

"तोडा की आबा," नाना म्हणाले. "म्या काय बोलत न्हाई."

"लिहून देतोस?"

नानांनी कप बाकावर ठेवला.

"लिहून न्हाई द्यायचो."

आबांनी मान डोलवली. त्यांना ते पटलं असावं. तेवढ्यात पुकारा झाला आणि दोघं एकमेकांना वाट देत आत गेले.