सावकाशबाईची दोरी

सावकाशबाईला ‘घाई करा’ म्हणायची गावात कुणाची छाती नव्हती. चहा पुरता गार होईपर्यंत ती पहिला घोट घेत नसे, आणि कुणी काही विचारलं तर तिचं उत्तर येईपर्यंत विचारणारा आपला प्रश्न विसरून जाई. पण हा काही तिचा जन्माचा स्वभाव नव्हे. तेविसाव्या वर्षापर्यंत पोरगी नुसती भिंगरी होती. एका हिसक्यानं तिला अशी करून टाकली, आणि तो हिसका तिनं स्वतःच दिला होता.

त्या मुलखात गावोगावी एखाददुसरा डोह असे. पाण्याचा नव्हे, वेळेचा. मोकळ्या जमिनीवर चार-सहा खाटा मावतील एवढा तुकडा, आणि तिथं वेळ साचून राहिलेला. काठाशी थोडा, मध्यावर फार. बाहेर महिना उलटला तरी आतल्याची पापणीसुद्धा लवत नसे. या गावानं आपल्या डोहाच्या काठावर चक्क दूध डेपो उघडला होता. लांब आकड्यानं दुधाचे कॅन आत सरकवून ठेवायचे आणि पंधरवड्यानं बाहेर काढायचे, दूध धारोष्णच्या धारोष्ण.

काठावर काम करणाऱ्याच्या कमरेला दोरी असे आणि तिचं टोक बाहेर जोडीदाराच्या हातात. भिंतीवर हातभर अक्षरांत एकच नियम लिहिला होता: आत गेलेल्याला ओढू नये. बाहेरच्या माणसानं साधं खेचलं, तरी आतल्याला तो हिसका इतक्या वेगानं बसे की कमरेचे दोन तुकडे व्हावेत. काढायचं तर दोरी दातेरी चाकाला लावायची आणि चाक आठवड्याला एक दात फिरवायचं. एका दाताला दोरी येई मोहरीच्या दाण्याएवढी.

त्या हिसक्याच्या दिवशी आत कलंडलेला कॅन सरळ करायला सावकाशबाईची थोरली बहीण काठावर गेली. दोरी धाकटीच्या हातात होती. डोह वर्षा-दोन वर्षांतून एकदा फुगायचा, तो नेमका तेव्हाच फुगला. डोळ्यांदेखत काठ पुढे सरकला आणि ताई सहा हात आत गेली. धाकटीनं नियम वाचला नव्हता असं नाही, रोज वाचत होती. पण जीव उडाला की वाचलेलं कोण आठवतं? तिनं दोन्ही हातांनी दोरी खेचली. हातभर दोरी बाहेर आली आणि मग ताठ झाली.

आत ताई कमरेत वाकलेली, पाठ इकडे. कॅन उचलायला वाकली होती, की हिसक्यानं मोडली होती? डोहातल्या माणसाकडे बाहेरून कितीही टक लावून पाहिलं तरी तेवढं कळत नाही. कचेरीतून साहेब धावत आले.

“ओढलीस का?”

“नाही,” ती म्हणाली.

तेव्हापासून दर सोमवारी, डेपोचं दार उघडलं की पहिलं काम म्हणजे चाकाचा एक दात. तापात फणफणत असली तरी आली, लग्नाच्या दुसऱ्या दिवशीही आली. नवरा पंप दुरुस्त करायचा, माणूस गमत्या. म्हणायचा, “मला मेहुणी आणि बायको दोन्ही छान मिळाल्या. एक बोलतच नाही आणि दुसरी परवाचं आज बोलते.” हळूहळू गावातलं कुणाचंही काही आत गेलं की तिलाच बोलावणं येऊ लागलं. शेळ्या काढल्या, छत्र्या काढल्या, पैज लावून आत शिरलेला एक शहाणाही काढला. लोक म्हणत, बहीण असावी तर अशी. ते ऐकलं की तिला घास गिळवत नसे.

चाक फिरायला लागल्यापासून एकोणिसाव्या वर्षी आई गेली. जाताना विचारलं, “थोरली कशी आहे?”

“बरी आहे, आई,” ती म्हणाली. तिला काय माहीत होतं, कपाळ!

अठ्ठावीस वर्षांनी पाच हात दोरी चाकावर आली. काठाशी वेळ पातळ असतो, शेवटचा हात एका सकाळीच निघतो. डॉक्टरीणबाई आल्या, स्ट्रेचर आलं, निम्मं गाव कुंपणाशी लोटलं. सावकाशबाई एकावन्न वर्षांची झाली होती. चाक फिरवताना तिनं मान खाली घातली होती, कारण आता जे दिसणार होतं ते तिच्याच हातचं होतं.

आधी टाच बाहेर आली, मग पोटरी, मग पाठ. आणि ती पाठ सरळ झाली. ताई वळली. एका हातात कॅन, दुसऱ्या मुठीत कमरेची दोरी. वय सत्तावीस, एक केस पिकलेला नाही.

“काकू,” ती चाकाशी उभ्या बाईला म्हणाली, “माझी बहीण कुठं गेली हो? आता तर इथं होती.” मग भोवतीची गर्दी बघून तिचा आवाज चढला. “तिला कुणी काही बोलू नका हं! ओढली तिनंच, पण चूक माझी. दोरी पायात येते म्हणून मी तिची गुंडाळी हातात धरली होती. नियमात बसत नाही, ठाऊक आहे. हिसक्याला ती गुंडाळी तेवढी सुटली, मला खरचटलंसुद्धा नाही. पण घाबरली असेल हो ती. बसली असेल कुठंतरी रडत.”

सगळ्या माना सावकाशबाईकडे वळल्या. अठ्ठावीस वर्षं झाकलेलं भर डेपोत उघडं पडलं होतं. शरमेनं मान खाली जायची, तर उलटंच झालं. छातीवरची धोंड उतरली आणि तिनं इतका मोठा श्वास घेतला की डॉक्टरीणबाई तिच्याचकडे धावल्या.

“ताई,” ती म्हणाली, “मीच गं ती.”

ताईनं कॅन खाली ठेवला. जवळ येऊन तिची हनुवटी वर केली, सुरकुत्या पाहिल्या, पांढरे केस पाहिले, आणि मग डोळे ओळखले.

“अगं वेडे,” ती म्हणाली, “एवढी म्हातारी होईपर्यंत काळजी करत बसलीस?”