मूळ नक्षत्राची सून

माझ्या घरच्यांनी तीन वर्षं माझ्यासाठी मेलेला सासरा शोधला. नवरा कसा असावा, हा प्रश्न त्याच्या नंतरचा. मी मूळ नक्षत्रावर जन्मले आणि मुळावरची मुलगी सासऱ्याला खाते, हे आमच्या कळंबात शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. त्यामुळे ज्याचा बाप आधीच गेलाय असंच स्थळ मला चालणार होतं. बायोडाटा आला की आई शिक्षण, नोकरी, शेती सगळं सोडून आधी मुलाच्या वडिलांचं नाव बघायची. नावाआधी ‘कै.’ दिसलं की तिचा चेहरा खुलायचा. सासरे नाहीत, बरं झालं, असं म्हणून जायची आणि मग जीभ चावायची.

मला या सगळ्याचा राग आहे, आणि तो जन्मापासूनचा आहे. सत्तावीस दिवस माझ्या बापाला माझं तोंड बघू दिलं नव्हतं. नक्षत्राची शांत झाली त्या दिवशी त्यांनी मला आधी तेलाच्या वाटीत बघितलं आणि मग खरं. हे ते येणाऱ्याजाणाऱ्याला हसून सांगायचे. मला त्यात हसण्यासारखं काही सापडलं नाही.

पुढे मी शाळेत विज्ञान शिकवायला लागले. ताऱ्यांचा धडा आला की मी फळ्यावर विंचू काढते. डोक्याशी अनुराधेच्या चांदण्या, छातीत तांबूस ज्येष्ठा, आणि मग खाली वळलेली लांब शेपटी, तेच मूळ. टोकाला नांगीच्या दोन चांदण्या अगदी शेजारी शेजारी. ज्येष्ठा सूर्याच्या जागी ठेवली तर पृथ्वीसुद्धा तिच्या पोटात जाईल, असं सांगितलं की पोरं गप्प होतात. तिचा उजेड आपल्यापर्यंत यायला शेकडो वर्षं लागतात. एवढ्या लांबच्या चांदण्यांना कळंबातल्या एका बाळंतिणीच्या पोरीशी काय देणंघेणं? पण ज्येष्ठेवरची मुलगी थोरल्या दिराला जड, आश्लेषेवरची सासूला, मुळावरची सासऱ्याला, अशी घरातली माणसं आभाळात वाटून ठेवली आहेत. सुनेला कोण जड, हे एकाही नक्षत्रात लिहिलेलं नाही. आणि गंमत म्हणजे पत्रिकेत माझी रास धनू, चांदण्या मात्र विंचवाच्या शेपटीत. हे कसं, असं मी एका ज्योतिषाला विचारलं होतं. त्यांनी आईला सांगितलं, मुलगी उद्धट आहे.

शेवटी तेरचं स्थळ आलं. मुलगा धाराशिवला नोकरीला, नावापुढे ‘कै.’ लावलेला बाप, आणि बघायला आलेल्या सासूबाईंचं कपाळ मोकळं. त्यांनी मला शिक्षण विचारलं नाही, स्वयंपाक विचारला नाही. आईकडे वळून एकच प्रश्न केला, पोरगी मुळावरची आहे हे खरं का. आईनं मान खाली घालून हो म्हटलं.

“मंग पसंत हाय,” त्या म्हणाल्या.

किती मोठ्या मनाची बाई, असं आई पुढे वर्षभर सांगत होती.

लग्नाला पाच वर्षं झाली आणि एका आषाढातल्या दुपारी दारात एक म्हातारा येऊन उभा राहिला. काखेत बोचकं, पायाच्या अंगठ्याला चिंधी. त्यानं माझ्या नवऱ्याचं नाव घेतलं. आपण कोण, असं मी विचारलं, तर म्हणाला, त्याचा बाप.

संध्याकाळी नवरा ऑफिसातून आला आणि सगळं बाहेर पडलं. सासरे मेंढरं राखायचे. नवरा पाच वर्षांचा असताना ते सगळा कळप घेऊन चारणीला गेले ते परत आलेच नाहीत. तुळजापूरच्या बाजूला दुसरं घर मांडलं. सासूबाईंनी ते कळलं त्याच दिवशी स्वतःच्या हातानं कुंकू पुसलं आणि लोकांच्या शेतात खुरपून पोर वाढवलं. आता तिकडची बाई वारली होती आणि तिच्या पोरांनी म्हाताऱ्याला बाहेर काढलं होतं.

नवऱ्याला बाप घरात नको होता. ते मला समजलं असतं. पण तसं म्हणायची त्याची छाती झाली नाही. माझ्याकडे बोट करून तो म्हाताऱ्याला म्हणाला, “घरात मुळावरची सून हाय. तुमालाच जड जाईल. तुमच्या भल्यासाठी सांगतोय.”

हाच माणूस पाच वर्षं मला सांगत होता की त्याचा असल्या गोष्टींवर काडीचा विश्वास नाही. माझं अंग पेटलं. मी म्हटलं, ते इथंच राहतील. आणि सासूबाई आतून बाहेर आल्या, म्हाताऱ्याकडे नीट बघितलं आणि म्हणाल्या, “ऱ्हाऊ द्या. हिच्याच हातचं खाऊ द्या.” बाईनं माफ केलं, असं मला वाटलं. डोळ्यांत पाणीसुद्धा आलं माझ्या.

मला म्हाताऱ्याची दया आली होती, असं कुणी समजू नये. बायकापोरांना टाकून गेलेला माणूस, वर भाकरीला नावं ठेवणारा आणि मोरीत थुंकणारा. पण मला तो जिवंत हवा होता. मी त्याला स्कूटीवर बसवून धाराशिवला दवाखान्यात नेलं. साखर सापडली, बीपी सापडलं. गोळ्या मी मोजून दिल्या, अंगठ्याची जखम मी धुतली, चहातली साखर मी तोडली. मी त्याला सूड म्हणून जगवत होते. जितकी वर्षं तो जगेल तितकी वर्षं मुळाला भिणारे सगळे खोटे. सासूबाई त्याच्याशी बोलत नसत. फक्त रोज सकाळी चुलीपुढून मला विचारायच्या, उठले का. रागाच्या तळाशी काळजी असतेच, असं मी मनात म्हणायची.

तीन वर्षांनी, श्रावणात, दोन दिवस पावसानं उघडीप दिली. दिवेलागण होऊन गेली होती, म्हातारा अंगणात बाजेवर पडला होता. त्यानं काठीनं दक्षिणेकडे दाखवलं.

“त्यो बघ इचू. नांगीत दोन चांदण्या हायती. दोन येगळ्या दिसल्या की डोळं शाबूत. मला आता येकच दिसतीया.” मग म्हणाला, मृगाची हरणं उगवली की विंचू बुडतो, दोघं एका वेळी आभाळात राहत नाहीत. सासूबाई दार लावून आत बसलेल्या होत्या.

मी म्हटलं, “मामा, ती नांगी म्हणजेच मूळ. माझं नक्षत्र.”

“आसंल,” तो म्हणाला. “म्या सारा जनम तिच्याखाली झोपलोय. मला काय झालं?”

इतका साधा जबाब मला आयुष्यात कुणी दिला नव्हता. त्या क्षणी तो म्हातारा मला पहिल्यांदा आवडला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ते सासूबाईंना ऐकवायला गेले. त्या भाकरी थापत होत्या. मी म्हटलं, तीन वर्षं झाली आत्या, साखर ताब्यात आहे, डॉक्टर म्हणतात तब्येत ठणठणीत. नक्षत्र खोटं ठरलं.

त्यांचा हात थांबला.

“धा पोरी सांगून आल्या हुत्या,” त्या म्हणाल्या. “मुळावरची तू येकटीच हुतीस. म्हनून तुला केली. माझ्या हातनं त्येचं काय झालं न्हाय, म्हटलं तुझं नक्षत्र तरी करंल. आन तू त्येला गोळ्या चारतीस.”

त्या चिडल्या नव्हत्या. बाजारातून पारखून आणलेली वस्तू घरी चालू नये, तसं माझ्याकडे बघत होत्या. ज्या नक्षत्रापायी सगळ्यांनी मला नाकारलं, त्याच्यासाठीच मला निवडणारं ते एकच माणूस होतं, आणि त्यांचा घात मी रोज दोन वेळा, जेवणानंतर, पाण्याबरोबर करत होते.

त्यांनी भाकरी तव्यावर टाकली, हात पुसला आणि बाहेरच्या बाजेकडे न बघता रोजच्यासारखं विचारलं, “उठले का?”

“उठले,” मी म्हटलं आणि मामांच्या बिनसाखरेच्या चहाचं आधण ठेवलं.