यशोदाबाईची न चाखलेली शॅम्पेन

ब्याण्णव सालच्या जानेवारीत नशिराबादमध्ये बोलवा होती, की माळकरी यशोदाबाई भुसावळला जाऊन शॅम्पेन पिते. बोलवा स्टँडवरून निघाली तेव्हा ती घोटभर होती. न्हाव्याच्या दुकानात पोचेपर्यंत ग्लास झाला, पिठाच्या गिरणीत बाटली झाली आणि नदीवरच्या धुण्याच्या दगडांवर तर बायकांनी तिला मेमसाबच्या टेबलावर पाय हलवत बसवून सोडलं होतं.

यातलं भुसावळ खरं होतं. मेमसाबही खरी होती, आणि शॅम्पेनही. म्हणजे बाटलीवर नाव दुसरंच काही होतं, देशी माल होता, पण त्या घरात फसफसणाऱ्या वाईनला शॅम्पेनच म्हणत. फक्त यशोदाबाई ती प्यायलेली नव्हती.

मेमसाब म्हणजे रॉड्रिक्सबाई. नवरा मेलगाडीचा ड्रायव्हर होता, तो गेल्यावरही त्या भुसावळलाच राहिल्या. यशोदाबाई सकाळच्या एसटीने त्यांच्याकडे जाई आणि दिवेलागणीच्या आत परत येई. पहिल्याच दिवशी ठरलं होतं, मटणाच्या भांड्याला हात लावणार नाही. मेमसाबनी "ओके यशोडा" म्हणून विषय संपवला आणि तिच्यासाठी वेगळा ओटा करून दिला. बाकी केर, भाजी, चहा, मुरंबे आणि नाताळातलं ते फळांचं पेय, हे सगळं यशोदाबाईच्या हातचं.

त्या पेयाची रीत तिला पाठ होती. संत्र्याच्या फोडी सोलून बिया काढायच्या. डाळिंबाचे दाणे, पपईचे बारीक चौकोन, अननस मिळाला तर अननस. साखरेचा पातळ पाक, त्यात लिंबू. हे सगळं बर्फावर ठेवून द्यायचं. केळी शेवटी चिरायची, नाहीतर काळी पडतात. आणि पाहुणे बसले की काचेच्या जगमध्ये फळं घालून वरून वाईन सोडायची, तीही जगच्या कडेकडेने, आणि ढवळायचं नाही. ढवळलं की फेस मरतो आणि मेमसाब दुखावतात. चाखायचं काम मेमसाबचं. चमचा तोंडात, डोळे मिटलेले, मग निकाल: "यशोडा, थोडा खट्टा मांगता." यशोदाबाई लिंबू पिळायची.

एक्क्याण्णवच्या नाताळात मेमसाबना सर्दीने असं धरलं की नाक गेलं, जीभही गेली. त्या गळ्याला मफलर गुंडाळून खुर्चीत बसल्या आणि म्हणाल्या, "मेरा कुछ नहीं चलता. तुम करो, तुमको जैसा ठीक लगेगा." मुलगा मुंबईहून दोन बाटल्या घेऊन आला होता. रात्रभर रेल्वेत पिशवीत खाली-वर आपटत आल्या होत्या त्या. तो बर्फ आणायला गेला तेवढ्यात पाहुणे आले, आणि बाटली उघडायची पाळी यशोदाबाईवर आली.

तिला उघडायची माहिती एकाच बाटलीची, ती म्हणजे गोळी सोड्याची. तार काढली. वर बूच दिसलं. आता गोळी सोड्याला काय करतात, तर अंगठा वर ठेवून जोरात आत दाबतात. तिने दाबलं. आतल्या वाईनचा विचार मात्र बाहेर यायचा होता. बूच तिच्या अंगठ्याला बाजूला सारून छताला लागलं आणि फवारा सुरू झाला. हाताला दुसरं काही लागेना म्हणून तिने बाटलीचं तोंड पदरात धरलं. पदर प्यायला तेवढा प्यायला. बाटलीत राहिली ती निम्मीसुद्धा नव्हती.

दुसरी बाटली मुलाने टॉवेलात धरून उघडली. पण आता वाईन कमी आणि फळं जास्त. तसंच घातलं असतं तर पेय न होता शिकरण झालं असतं. यशोदाबाईने थोडी फळं बाजूला काढली, पाक दोन बोटांत धरून चिकटपणा बघितला, फोडींचा वास घेतला, एक लिंबू जास्तीचं पिळलं आणि जग बाहेर पाठवला. पाहुणे खूश झाले. असं तर मेमसाब चाखायच्या तेव्हाही होत नसे, असं एकजण म्हणाला. मेमसाबना ते आवडलं नाही, त्यांनी मफलर आणखी घट्ट गुंडाळला.

यशोदाबाईने पदर नळाखाली पिळला आणि ती एसटीत बसली. ओला पदर वाळेल, पण वास काही एसटीच्या वाऱ्याला जात नसतो. नशिराबादला स्टँडवर झुलालची चहाची टपरी आहे. झुलाल मूळचा पारोळ्याकडचा. इतकी वर्षं इथे राहूनही त्याची बोली तिकडची अहिराणीच राहिली, आणि बातमी सांगताना तो गिऱ्हाइकाच्या कपात चहा ओतायचा थांबतो, म्हणजे ऐकावंच लागतं. "मी मन्हा डोयाघाई देखं भाऊ," तो स्वतःच्या डोळ्यांकडे बोट दाखवून सांगू लागला, "बाईना पदर वला व्हता नि वास सुटेल व्हता. आते काय बोलवानं?" आणि मग आणखी बराच वेळ बोलायचा.

एवढ्यावर गोष्ट विरून गेली असती. झुलालच्या बातम्या लोक चहाबरोबर घेतात आणि बशीत सोडून जातात. पण मेमसाबच्या पाहुण्यांमध्ये नशिराबादचाच पितांबर होता. रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून, आणि गावात भजनी मंडळाचा पखवाज्या. त्याने यशोदाबाईचं वाईट व्हावं म्हणून काही सांगितलं नाही. त्याला कौतुकच करायचं होतं. टपरीवर तो प्रत्येक शब्दावर पखवाजावर थाप द्यावी तसा गुडघ्यावर हात मारत म्हणाला, "बिनचूक, हो. गोड किती, आंबट किती, एकदम बिनचूक." आणि मग बेसावधपणे पुढचं वाक्य त्याच्या तोंडून निघून गेलं. "असं चाखल्याशिवाय जमत नसतं."

झालं. वासाला पुरावा मिळाला.

यशोदाबाईला बोलवा कळली ती गिरणीत. ती दळणाचा डबा घेऊन आत गेली आणि बायका यंत्राचा आवाज मोठा असूनही कुजबुजू लागल्या. पिण्याच्या आरोपाचं तिला फारसं काही वाटलं नाही. ती घाबरली ती दुसऱ्याच गोष्टीला. माघात गावचा सप्ताह होता आणि काल्याच्या दिवशी भंडारा. भंडाऱ्याचं वरण यशोदाबाईचं. बट्ट्या, म्हणजे कणकेचे गोळे, गावातली पुरुषमंडळी गोवऱ्यांवर भाजत, वांग्याची भाजी कमलबाई घोटायची, पण वरणाच्या चुलीपाशी सासू गेल्यापासून दुसरं कोणी उभं राहिलेलं नव्हतं. गावात तिचं शेत नव्हतं, दोन खोल्यांचं घर नवऱ्याच्या नावावर होतं, मुलगी सासरी पाचोऱ्याला. तिची म्हणावी अशी जागा गावात एकच होती, ती ती चूल. माळ मोडलेल्या बाईच्या हातचं वरण विठ्ठलाला दाखवत नाहीत, हे तिला कोणी सांगायची गरज नव्हती.

सप्ताहाच्या तयारीची बैठक दुपारी देवळाच्या सभामंडपात बसली. मंडळाचे प्रमुख रुपचंद आबा. आबांचा चेहरा हा गावातला एक वेगळा विषय आहे. त्यांना काहीही द्या, चहा द्या, पेढा द्या, ते आधी उजवीकडचा ओठ खाली ओढतात, मग डावी भुवई वर नेतात आणि मग "हं" म्हणतात. हे करून दाखवायला सोपं आहे, पण त्यांच्यासमोर नाही.

मंडपवाल्याचं, कीर्तनकारांच्या मुक्कामाचं बोलून झालं आणि विषय वरणावर आला. यशोदाबाई खांबाशी बसली होती. तिने डोक्यावरचा पदर नीट केला. आबांनी ओठ ओढला, भुवई नेली आणि तिच्याकडे न बघता विचारलं.

"यशोदे, लोक काय म्हनतात ते तुह्या कानावर आलंच असंन. पदराच्या वासाचं मले काही नही. सांडलं असंन. तू चाखलं का नही, एवढं सांग."

"नही चाखलं, आबा."

"मंग इतकं बिनचूक जमलं कसं?"

यशोदाबाईने आबांकडे नीट निरखून बघितलं. चिडून नाही, उत्तर इतकं समोर असताना आबा का विचारतायत हे तिला कळेना म्हणून.

"आबा, भंडाऱ्याच्या वरनाले मीठ मीच टाकते ना? ते कोन चाखतं?"

सभामंडपातल्या बायकांनी माना हलवल्या. नैवेद्य दाखवायच्या आधी चाखायचं नसतं, हे तिथल्या प्रत्येक बाईला लहानपणी हातावर फटका देऊन शिकवलेलं. एवढं मोठं वरण यशोदाबाईने आजवर एकदाही जिभेला लावून पाहिलेलं नव्हतं, वाफेच्या वासावर आणि मुठीच्या अंदाजावर केलं होतं, आणि पंगतीत कोणी कधी वरून मीठ मागितलं नव्हतं. आबांनीही नाही. ते दर वर्षी ओठ ओढून, भुवई नेऊन तीनदा वरण घेत.

कमलबाई मात्र तेवढ्यावर थांबणारी नव्हती. तिने पितांबरकडे मान वळवून अगदी साधेपणाने विचारलं, "पितांबरभाऊ, ते बिनचूक व्हतं, हे तुमाले कसं समजलं हो?"

पितांबरच्याही गळ्यात माळ होती. नेहमी सदऱ्याच्या वर असायची, त्या दिवशी सदऱ्याच्या आत होती. तो म्हणाला, मी नुसता वास घेतला. कमलबाई म्हणाली, वासात लिंबूही समजलं का. पितांबरने घसा साफ केला आणि पखवाजाला ओढ द्यायची राहिली आहे असं काहीतरी पुटपुटला. यशोदाबाईने त्याच्याविषयी चकार शब्द काढला नाही. तिनेच जग भरून बाहेर पाठवला होता आणि कोणी किती घेतली ते तिला दारातून दिसलं होतं.

आबांनी वरण यशोदेचंच असं सांगून टाकलं. पितांबरने पुन्हा माळ घालायची, म्हणजे सप्ताहाच्या कीर्तनकार महाराजांकडून रीतसर, हेही ठरलं. मग उठता उठता आबा थांबले. "पन ते लागतं कसं?" त्यांनी विचारलं. पितांबरने सांगायला तोंड उघडलं आणि लगेच मिटलं. शेवटी असं निघालं, की काल्याच्या दिवशी यशोदाबाईने तेच पेय करावं, वाईनच्या जागी गोळी सोडा घालावा, आणि फळं पितांबरने आणावीत.

इथे प्रस्तुत लेखकाला मध्ये येणं भाग आहे. तो यशोदाबाईच्या शेजारी राहतो, कॉलेजात जातो आणि तिच्या ओट्यावर बसून आबांचं तोंड करून दाखवतो. यशोदाबाई हसते आणि मग आबांच्या वयाचा मान ठेव म्हणून रागावते. लेखक तिला म्हणाला, अक्का, एक जग भरणं वेगळं आणि गावजेवणाचं पातेलं भरणं वेगळं, त्यात सोडा म्हणजे वाईन नव्हे, त्यात नैवेद्य म्हणजे चाखणं बंद. आबा पहिल्याच घोटाला ओठ ओढून भुवई नेणार आणि पेला खाली ठेवणार. यशोदाबाई म्हणाली, ओठ ओढतीन, भुवई नेतीन, पन पेला नही ठेवनार. हरेल त्याने वरणाचं पातेलं घासायचं, असं ठरलं.

काल्याच्या दिवशी तिने परातीत पितांबरच्या पैशाची संत्री सोलली, पाक बोटांत धरला, केळी अगदी शेवटी चिरली. नैवेद्य झाला. मग गोळ्या दाबून सोड्याच्या बाटल्या एकामागून एक पातेल्याच्या कडेने सोडल्या, आणि पंगतीत वाढणाऱ्यांना ढवळाल तर बघा असं बजावलं. आबांना पहिला पेला गेला. ओठ खाली आला. भुवई वर गेली. "हं," आबा म्हणाले, पेला रिकामा केला आणि पुढे धरला.

वरणाचं ते पातेलं चिंचेने आणि राखेने घासावं लागतं. आत उतरून घासलं तरी चालतं, एवढं मोठं आहे. यशोदाबाई शेजारी दगडावर बसून, बुडाशी अजून कुठे काळं राहिलंय ते लेखकाला बोटाने दाखवत होती.