शमीमचा उपासाचा केक

नीलोफर, ह्या पत्रात आधी तुला रागवून घेते. आईचं चाळिसावं झालं नि दुसऱ्या दिवशी पाचगणीची एसटी धरलीस. माझ्या दारावरून गेलीस, पण आत डोकावली नाहीस! रडू येईल म्हणून? अगं, मग रडायचं... मी काय कोरडी बसले होते? ती गेली त्या सकाळी तुझा भाऊ दारात येऊन नुसता उभा राहिला. "अम्मी..." एवढंच म्हणाला. हाताला कणीक तशीच, मी तुमच्याकडं पळाले.

तुझी आई, शमीम, माझी सांगलीतली शेजारीण, बेकरीवाल्यांची सून. माझ्या सुमनला बघायला साताऱ्याची मंडळी यायची होती, तीही नेमकी नवरात्रात. आधीची दोन स्थळं फिरलेली. "आता नाही जमलं तर मी पुन्हा कुणापुढं बसणार नाही," असं सुमननं मला बजावलेलं. त्यात मुलाची आजी नऊ दिवस धान्य तोंडात घालत नाही, आणि तिच्या होकाराशिवाय त्या घरात काही ठरत नाही, असं मध्यस्थ सांगून गेला. शमीम म्हणाली, "अक्का, खिचडी समदेच देत्यात. आपण केक करू, उपासाचा." राजगिऱ्याचं नि शिंगाड्याचं पीठ, दही, तूप, गूळ, आणि बेकरीतली चिमूटभर बेकिंग पावडर. बेकरीच्या भट्टीला मैदा लागलेला, म्हणून माझ्याच गॅसवर पातेल्यात वाळू तापवून तिनं तो भाजला. काय फुलला होता म्हणून सांगू!

मंडळी आली, चहा गेला, आजींच्या हातात केकची बशी गेली, आणि आत शमीमचा चेहरा उतरला. तिचे सासरे बेकिंग पावडर बेकरीतच बनवायचे, सोड्यात नि आंबट पावडरीत मक्याचं पीठ मिसळून, ते तिला तेव्हा आठवलं. "अक्का, पावडरीत मका असतोय."

माझी जाऊ दातओठ खाऊन कुजबुजली, "चिमूटभर तर हाय. कुणाला कळतंय? गप बसा." दारातून सुमन दिसत होती, मान खाली घालून बसलेली...

"रोज्यात मला कुणी फसवून घोटभर पाणी पाजलं तर?" शमीम म्हणाली, आणि पदर सावरत सरळ बाहेर गेली. "आजी, खाऊ नका. चूक माझी हाय. ह्यात मका हाय."

मुलाच्या काकांनी कप खाली ठेवला. आजींनी बशी बाजूला सारली. "तू कोण गं?"

"शेजारीण. शमीम."

"मग माझ्या उपासाचं तुला काय पडलंय?"

"केक मी केलाय न्हवं? मग उपासबी माझ्याच अंगावर आला की."

आजी हसल्या नाहीत. "दुसरा कर. मी बसते."

"आवं आई, एसटी चुकंल," काका म्हणाले.

"चुकू दे."

मग ती वाट बघणं! बाहेर काका सारखे उठबस करत होते, आत जाऊ माझ्याकडं बघत नव्हती. शमीमनं दह्यात नुसता सोडा घातला. केक फुगला नाही, वर भेग पडली. आजींनी तुकडा चहात बुडवून खाल्ला. "केक म्हंत्यात व्हय ह्याला? भाकरीची धाकटी भण हाय ही!" असं म्हणत आणखी एक तुकडा घेतला. मग सुमनला जवळ बोलावलं. "पोरी, असली शेजारीण तुला साताऱ्यात न्हाई मिळायची. चालंल?"

सुमननं माझ्याकडं नाही, शमीमकडं बघून मान हलवली.

तेव्हापासून दर नवरात्रात दुपारच्या चहाला ती 'भाकरीची भण' आमच्याकडं झालीच. शमीम झाकणापाशी कान नेऊन ऐकायची. आतली चुरचुर थांबली की म्हणायची, "गप झाला, काढा." कधी घड्याळ बघितलं नाही. परवा मी करून बघितला. कान लावून बसले, पण मला मेलं काही ऐकूच येईना... खालून करपला. तुझे कान तुझ्या आईचे आहेत. नवरात्र बसायच्या आत ये गं, पोरी. सुमनही यायची आहे.