पाय घसरला नव्हता

ही गोष्ट सांगायचं मी वर्षानुवर्षं टाळलं, कारण हसं माझं व्हायला हवं होतं आणि झालं एका म्हाताऱ्याचं.

सत्तावन्न-अठ्ठावन्न साल असेल. पुसदच्या मोटारस्टँडवर एक म्हातारा चाचा चहा पिताना विलायत-अमेरिका बोटींच्या गप्पा हाणायचा. तरुणपणी तो त्या बोटींवर भट्टीत कोळसा टाकायचा म्हणे. अटलांटिक कमी वेळात कोण ओलांडतं, यावर दोन गोऱ्या कंपन्यांची चढाओढ. "वरती साहेबलोक नाचून राह्यले, खाली आम्ही भाजून राह्यलो. जिंकली कंपनी, मेडल कप्तानाले!" असं म्हणून तो बशीवर जोरात फुंकर मारायचा.

मी कचेरीत नवा कारकून, म्हणजे सर्वज्ञ. बोटीवरच्या माणसाला पोहता यायलाच हवं, म्हणून एका संध्याकाळी नदीकाठी आम्ही दोघंच असताना मी त्याला पूस नदीत ढकललं. तो दगडासारखा बुडाला. आवाज ऐकून धावत आलेल्या दोघांनी बाहेर ओढला. गावानं त्याला थापाड्या ठरवलं.

"पाय घसरला," त्यानं सगळ्यांना सांगितलं. मला बाजूला घेऊन म्हणाला, "बाबू, तरंगायचं काम जहाजाचं. माह्यं काम कोळशाचं."

त्यानंतर त्याच्या गप्पा कोणी ऐकल्या नाहीत. एकदा माफी मागायची म्हणून मी त्याच्यासमोर जाऊन बसलो. तोंडातून निघालं, "चाचा, चहा सांगू?"